कोपरांची जागा

नुन्झिया तोर्तोरिचीच्या घरावरून दिवसाला दोनेकशे विमानं जायची, आणि त्यांतलं एकच तिचं होतं.

शिकागोच्या मिडवे विमानतळाचं कुंपण त्यांच्या गल्लीपासून हाकेच्या अंतरावर. विमान उतरायला लागलं की कपाटातल्या बश्या किणकिणायच्या आणि बोलणारा माणूस वाक्याच्या मधोमध थांबायचा. विमान जाऊ द्यायचं आणि मग जिथे तोडलं त्याच शब्दापासून पुढे बोलायचं. गल्लीतली भांडणंसुद्धा अशीच चालायची, हात कमरेवर आणि तोंड उघडं ठेवून. नुन्झियाची एक मैत्रीण पहिल्यांदा जेवायला आली तेव्हा तिला वाटलं, या घरातल्या सगळ्यांना एकदमच झटका आला की काय!

नुन्झियाचं विमान म्हणजे ज्यात रोझाल्बा असायची ते. रोझाल्बा तिची मोठी बहीण, वय पंचवीस, राहायला फीनिक्सला. विमानातल्या लोकांना पाणी आणि बिस्किटं द्यायची आणि संकटकाळी कुठल्या दाराने पळायचं ते हात पसरून हसत हसत दाखवायची. महिन्यातून दोनतीनदा तिचं विमान मिडवेला उतरायचं, पाऊण तास टेकायचं आणि पुन्हा उडायचं. म्हणजे रोझाल्बा घराच्या छपरावरून यायची, घराच्या छपरावरून जायची, आणि घरात मात्र गेल्या तीन वर्षांत एकदाही आली नव्हती.

कारण बीफ. म्हणजे तसं कारण पपा, पण पपातून बीफ वेगळं कसं काढणार?

पपाचं आर्चर रस्त्यावर बीफ सँडविचचं दुकान होतं, सव्वीस वर्षं. रोझाल्बा चौदाव्या वर्षापासून तिथे काउंटरला उभी राहायची. गिऱ्हाइकाने तोंड उघडायच्या आत त्याला मिरची हवी की नको ते ओळखायची. दुकान पुढे तीच चालवणार हे सगळ्यांनी धरूनच चाललं होतं. तिला कुणी विचारलं नव्हतं एवढंच. बावीस वर्षांची झाल्यावर एका सकाळी तिने सांगितलं की विमान कंपनीत नोकरी लागलीय.

भांडण तळघरात झालं. त्यांच्या घरात महत्त्वाचं सगळं तळघरातच व्हायचं. वरचं स्वयंपाकघर चकचकीत, पाहुण्यांना दाखवण्यापुरतं. तिथल्या शेगडीवर ममाने कधी कॉफीसुद्धा उकळली नव्हती. खरी शेगडी, खरे टोप आणि खरा पसारा खाली, वॉशिंग मशीनच्या शेजारी. आणि तिथेच भिंतीला पपाने स्वतःच्या हाताने ठोकलेला छातीइतका उंच लाकडी कट्टा. बीफ खायचं ते त्या कट्ट्याशी उभं राहून. पाय दोन पावलं मागे, अंग पुढे झुकलेलं, दोन्ही कोपरं कट्ट्यावर, तोंड बरोबर सँडविचच्या वर. रश्शात बुडवलेला पाव तो, मनगटावरून ओघळणारच. बसून खाणारा शर्टाला मुकतो. कट्ट्यावर चौघांच्या चार जागा होत्या, रोझाल्बाची वॉशिंग मशीनकडच्या टोकाला, आणि कोपरं टेकून टेकून तिथलं लाकूड गुळगुळीत झालं होतं. नुन्झिया बुटकी, म्हणून तिच्या जागेखाली दुधाच्या बाटल्यांचा खोका.

"गेलीस तर या कट्ट्यावर तुझी जागा नाही," पपा म्हणाला होता.

"नसू दे. माझी कोपरं माझ्याजवळ आहेत," रोझाल्बा म्हणाली, आणि गेली.

वर्षभरात पपाने दुकान विकून टाकलं. आता तो एका हार्डवेअरच्या दुकानात चाव्या कापायचा. जुन्या दुकानातून घरी आणलं ते फक्त मांस कापायचं मशीन. ते तळघरात ठेवलं, त्याच्यावर चादर टाकली, आणि त्या दिवसापासून घरात बीफ शिजलं नाही. विषय निघालाच तर पपा म्हणायचा, "दाराला काय मी कुलूप घातलंय? यायचं त्याने यावं." आणि रोझाल्बा फोनवर ममाला म्हणायची, "त्याने एकदा बोलवावं, लगेच येते." ममा हॉस्पिटलात नर्स होती. ती म्हणायची, "दिवसभर लोकांची प्लास्टरं बघून घरी येते, तर इथे दोघांच्या मानेला घातलेलं. आणि कापू कुणी देत नाही!"

नुन्झिया मात्र कॅलेंडर सांभाळायची. फ्रिजवर चर्चचं कॅलेंडर असायचं. ममाला रोझाल्बाच्या फेऱ्या कळल्या की नुन्झिया त्या त्या तारखेच्या चौकोनात पेन्सिलीने मुंगीएवढं विमान काढायची. कुणी काही विचारायचं नाही. त्या दिवशी चार चाळीसला ती खिडकीशी जायची आणि पोटाखाली निळा पट्टा असलेलं विमान छपरावरून जाताना म्हणायची, "हाय, रोझी." मोठ्याने म्हणायची. तेवढ्या आवाजात कोण ऐकतंय?

ऑक्टोबरच्या सुरुवातीला तिच्याकडून घोळ झाला. रोझाल्बा येणार होती गुरुवारी आणि तिने विमान काढलं शुक्रवारच्या चौकोनात. गुरुवारी ते आलं आणि गेलं, तेव्हा पपा आत वर्तमानपत्र वाचत होता. शुक्रवारी चार चाळीसला नुन्झियाने सहज मागच्या अंगणात डोकावलं, तर पपा हातात पाण्याची नळी धरून उभा. टोमॅटोची रोपं उपटून आठवडा झाला होता. रिकाम्या वाफ्याचा चिखल झाला होता आणि पपाचं तोंड आभाळाकडे. असा तो अर्धा तास उभा राहिला. मग आत येऊन कॅलेंडरकडे बघितलं, हात धुतले आणि वर्तमानपत्र पुन्हा उघडलं.

आणि नुन्झियाला भराभर सगळं आठवलं. जानेवारीत, बर्फाचा पत्ता नसताना, पपा फावडं घेऊन अंगणात का गेला होता. मार्चमध्ये तो तासभर पन्हळीखाली काय बघत होता. वेडी! तिला वाटत होतं, त्या मुंगीएवढ्या विमानांची वाट बघणारी आपण एकटीच.

त्या दिवसापासून तिच्या अंगात काहीतरी संचारलं. पंधरावं नुकतंच सरलं होतं, उन्हाळ्यात ती चार इंच वाढली होती, वर्गातल्या वादविवादात तिने नुकतंच दोन मोठ्या मुलांना गप्प बसवलं होतं. जगातली कुठलीही गोष्ट आपण मनावर घेतली की होते, असं तिला त्या महिन्यात अगदी मनापासून वाटत होतं.

पंचवीस तारखेला रोझाल्बाचा निरोप आला. "नुन्झी, तीस तारखेला मिडवेला सव्वादोन तास थांबा आहे. एवढा वेळ कधीच मिळत नाही!"

नुन्झियाने लिहिलं, "मग घरी ये."

"घरी काय आहे?"

"बीफ."

मग दोनच शब्द आले. "कोण करतंय?"

नुन्झियाने "मी" लिहिलं. ते पुसलं. मग "पपा" लिहिलं आणि तेही पुसायच्या आत पाठवून दिलं.

आता ते खरं करणं आलं.

एकोणतीसला, बुधवारी, हार्डवेअरचं दुकान बंद करायची पाळी पपाची असायची. साडेसहाच्या आत तो यायचा नाही. ममाला नुन्झियाने आधीच फितवलं होतं. ममाने खाटकाकडून पुठ्ठ्याच्या मांसाचा चार पौंडांचा तुकडा आणून दिला होता आणि वर म्हणाली होती, "मला काही माहीत नाही. मी ड्यूटीवर होते." शाळेतून येऊन नुन्झिया धावत तळघरात गेली. सुरीच्या टोकाने मांसाला भोकं पाडून त्यांत लसणाच्या पाकळ्या खुपसल्या. मीठ, काळी मिरी, वाळलेला ओरेगॅनो चोळला. जाळीवर मांस, खाली खोलगट तव्यात पाणी आणि कांदा, आणि सगळं भट्टीत. तासाभराने वास सुटला आणि ती पायरीवर जाऊन बसली. तो वास तिला पाठ होता. दुकानातून परतलेल्या पपाच्या कोटाचा वास, रोझाल्बाच्या केसांचा वास. लहानपणी ती रोझाल्बाच्याच पलंगावर झोपायची आणि तिला वाटायचं, सगळ्यांच्याच बहिणींच्या केसांना असा वास येतो.

सव्वासहा उलटून गेल्यावर तिने मांस बाहेर काढलं. मशीनवरची चादर ओढली. पात्याला तेल होतं. तीन वर्षांत कुणी हात लावला नव्हता, मग तेल कुणी लावलं? पण विचार करायला वेळ नव्हता. वाफाळतं मांस तिने मशीनवर ठेवलं आणि बटणाकडे हात नेला.

"गरम?" जिन्यावरून आवाज आला. "गरम कापणार?"

पपा. कोट अंगात, टोपी डोक्यात. वास गल्लीच्या तोंडापर्यंत गेला असणार.

"पपा, मी—"

"हात काढ! आधी हात काढ तिथून!" तो दोन दोन पायऱ्या उतरत आला. "गरम मांस कापलं की भुगा होतो, भुगा! चिमणीला घाल मग. रात्रभर थंड व्हायला हवं, दगडासारखं. मग कागदासारखं कापायचं, पलीकडचं दिसलं पाहिजे. शाळेत काय शिकवतात तुम्हाला?"

"बीजगणित."

"तेच म्हटलं." त्याने तव्यातला रस्सा चमच्याने घेतला, फुंकला आणि चाखला. "यावरची चरबी कुठे गेली?"

"काढून टाकली. आरोग्याच्या तासाला सांगितलं होतं, की—"

"चव काढून टाकलीस! अगं बाई, तेच तर—" वर विमान आलं. दोघं थांबले. चमचा हवेत. विमान गेलं. "—तेच तर रश्शाचं सगळं असतं. कुठंय ती?"

ती वाटीत होती. पपाने निम्मी परत घातली. ओरेगॅनो घातला, तळहातावर चोळून. पुन्हा चाखलं. मग कोट काढून खुंटीला लावला आणि तिच्याकडे न बघता विचारलं, "कुणासाठी?"

नुन्झियाला खोटं सुचलं असतं. एक नाही, चार सुचली असती. पण तिने खरं सांगितलं. "उद्या तिचा मोठा थांबा आहे. ती म्हणाली घरी काय आहे, मी म्हटलं बीफ. कोण करतंय, तर मी म्हटलं... तू."

पपा शेगडीचं बटण पुसत राहिला. ते स्वच्छच होतं.

"माझं नाव सांगायचं होतं," तो शेवटी म्हणाला, "तर ओरेगॅनो तरी नीट घालायचास."

गुरुवारी शाळेत नुन्झियाचा पाय जमिनीला लागत नव्हता. तीनला घंटा झाली, तिने फोन उघडला, आणि पाय लागला.

"विमान फीनिक्सहूनच उशिरा सुटतंय. सहाला पोचू, सातच्या आत परत उडायचं. बाहेर यायला जेमतेम पंधरा मिनिटं मिळतील. घरी नाही जमणार गं. सॉरी नुन्झी. पपाला सांग, राहू दे."

राहू दे. सगळ्या रस्त्यात ते दोन शब्द तिच्या पावलांबरोबर वाजत राहिले.

घरी पपा आधीच आलेला. तळघरात दिवा, मशीनचा सूं सूं आवाज. त्याने दुकानातला पांढरा एप्रन घातला होता, पोटावर जरा घट्ट झालेला. पात्याखालून मांसाचे पापुद्रे उतरत होते, इतके पातळ की खाली पडताना घडी पडत होती. शेजारी बेकरीतले लांबट इटालियन पाव, चीजच्या चकत्या, तेलात मुरवलेल्या मिरची-गाजराच्या लोणच्याची बरणी. आणि कट्टा ओल्या फडक्याने पुसलेला, वॉशिंग मशीनकडच्या टोकापर्यंत. तिथपर्यंत पुसलेला तिने तीन वर्षांत पाहिला नव्हता.

"आलीस? हे बघ," पपा म्हणाला आणि एक पापुद्रा दिव्यासमोर धरला. "माझा हात दिसतोय का पलीकडून? दिसतोय ना?"

"पपा," ती म्हणाली. "तिला घरी यायला जमणार नाहीये."

तिने सगळं सांगितलं. पपाने मशीन बंद केलं. एप्रनची गाठ सोडू लागला, ती सुटेना, तशीच ठेवली. नळाखाली हात धरले आणि खूप वेळ धुतले. त्याच्या पाठीकडे बघताना नुन्झियाच्या मनात आलं की आता चादर परत मशीनवर जाणार, आणि या वेळी कायमची.

नळ बंद झाला.

"थर्मास कुठंय?" पपा म्हणाला.

"काय?"

"मोठा थर्मास. ममा ड्यूटीला नेते तो. भिजलेलं बीफ लांब नेलं तर लापशी होते. पाव वेगळा, मांस वेगळं, रस्सा उकळता हवा. बघतेस काय? शोध!"

पावणेसहाला ते विमानतळाच्या दारासमोर होते. पपाची जुनी ब्यूक गाडी. दर शनिवारी धुतली जाणारी, पण आज गुरुवार, म्हणून धुळीची. रांगेतल्या गाड्या माणसं सोडत होत्या आणि घेत होत्या. पिवळं जाकीट घातलेली एक पोलीसबाई शिट्टी फुंकत, बॉनेटांवर थापा मारत प्रत्येकाला हाकलत होती. त्यांना तिने दोनदा हाकललं. दोनदा ते चक्कर मारून परत आले.

सहा वाजून अठरा मिनिटांनी काचेचं दार सरकलं आणि निळ्या युनिफॉर्ममधली रोझाल्बा बाहेर आली, चाकांची बॅग ओढत, मान वळवून शोधत. नुन्झिया गाडीतून उडी मारून उतरली.

रोझाल्बा तिच्याकडे बघतच राहिली. मग तिने हात कपाळाला लावून उंची मोजली. नुन्झिया तिच्यापेक्षा दोन बोटं वर होती.

"अगं, तुझा खोका कुठे गेला?"

"लागत नाही आता," नुन्झिया म्हणाली, आणि इतके दिवस मनात रचून ठेवलेलं सगळं विसरली.

पपा उतरला होता. एप्रन अजून अंगात. दोघांनी एकमेकांकडे बघून मान हलवली, दोन गिऱ्हाइकांनी हलवावी तशी. मग पपाने कामाला सुरुवात केली, कारण काम असलं की बोलावं लागत नाही. बॉनेटवर वर्तमानपत्र पसरलं. पाव उघडून आत चीज लावलं. थर्मासातला उकळता रस्सा डब्यात ओतला, चिमट्याने मांस त्यात सोडलं, चार आकडे मोजले आणि वाफेसकट उचलून चीजवर ठेवलं. चीज जागच्या जागी वितळलं. त्यावर मिरचीचं लोणचं. न विचारता. शेवटी पावाचं एक टोक डब्यात बुडवलं, पण डबा छोटा, पाव लांब.

"घे," तो म्हणाला. "पाय मागे. युनिफॉर्म आहे अंगात."

"माहितीये मला," रोझाल्बा म्हणाली, पण पाय मागे घेतले. वर्तमानपत्र वाऱ्याने उडालं आणि तिने कोपरं सरळ बॉनेटवर टेकवली, पुढे झुकली आणि चावा घेतला. रस्सा मनगटावरून ओघळून गाडीवर टपकला. तिने डोळे मिटले. नुन्झियाला वाटलं, सगळ्या विमानतळाने आता गप्प बसावं.

कसलं गप्प! शिट्टी वाजली. "गाडी पुढे घ्या! हे काय हॉटेल आहे का?"

"दोन मिनिटं," पपा म्हणाला. "माझी मुलगी जेवतेय."

पोलीसबाईने रोझाल्बाकडे पाहिलं, डब्याकडे पाहिलं, नाक वर केलं. "मिरचीचं आहे?"

"मिरचीचंच."

"पाच मिनिटं," ती म्हणाली आणि त्यांच्याकडे पाठ करून मागच्या टॅक्सीवर खेकसली. पपाने एक पाव तिच्यासाठीही भरला.

रोझाल्बाने शेवटचा घास संपवला. मग बोटं चाटून म्हणाली, "कापलंय झक्क. पण पाव मध्ये कोरडा राहिला."

ती दुकानात असंच म्हणायची, आणि पपा तेव्हा तिच्यावर फडकं फेकायचा. नुन्झियाने पपाकडे पाहिलं.

"भिजणार कसा?" पपा म्हणाला. "नीट भिजवून खायचा तर घरी—"

विमान आलं. अगदी डोक्यावरून, चाकं काढलेलं. पपा तोंड उघडं ठेवून थांबला. रोझाल्बा थांबली, हातात कागदी रुमाल तसाच. पोलीसबाईसुद्धा शिट्टी ओठांत धरून थांबली. तीही इथलीच असणार. नुन्झियाला कुठलंही विमान आयुष्यात एवढं लांबलेलं वाटलं नव्हतं. संपेचना. पपा शब्द बदलेल, गिळेल, लोणच्याच्या बरणीबद्दल काहीतरी बोलेल.

विमान गेलं.

"—घरी यावं लागतं," पपा म्हणाला.

रोझाल्बाने रुमालाची घडी केली, उलगडली, पुन्हा केली. तिने हो म्हटलं नाही. तिचे डोळे मिरचीने लाल झाले होते किंवा नव्हते. घड्याळ बघून ती दचकली, नुन्झियाला घट्ट मिठी मारली, आणि पपाच्या एप्रनची ती न सुटलेली गाठ मागून एका झटक्यात सोडली, दुकान बंद करताना सोडायची तशी. मग बॅग ओढत पळाली. काचेचं दार उघडलं आणि मिटलं. तिच्या केसांना शाम्पूचा वास येत होता, फक्त शाम्पूचा. हॉटेलातल्या, कुणाच्याही केसांना येईल असा.

दोघं घरी परतले. सातला पाच कमी असताना निळ्या पट्ट्याचं विमान छपरावरून गेलं. पपा अंगणात उभा होता, हातात नळी नाही, फावडं नाही, काहीच नाही. नुन्झिया जाऊन त्याच्या शेजारी उभी राहिली आणि म्हणाली, "बाय, रोझी." तिला वाटलं, पपाचेही ओठ हलले.

शनिवारी पपाने नेहमीसारखी गाडी बाहेर काढली. बादली, साबण, स्पंज. छप्पर धुतलं, दारं धुतली, काचा चकचकीत केल्या, चाकांच्या खोबणीत जुना टूथब्रश घातला. नुन्झिया पायरीवर बसून बघत होती. बॉनेटवरच्या धुळीत दोन गोल ठसे होते, कोपरांचे, आणि मधे रश्शाचा एक तेलकट डाग. पपाने स्पंज पिळला, तिथपर्यंत आणला, जरा थांबला, आणि बादलीत टाकला.

"पपा, पुढचं राहिलं," ती म्हणाली.

"राहू दे," पपा म्हणाला. मग हात पुसत विचारलं, "नोव्हेंबरची विमानं काढलीस का?"